नववं खोरं: इंद्रियं पालटणारी अभयघरं कशी बांधावीत?

उरमोडी (सातारा)

नमस्कार मंडळी. लिहायला बसलो आणि लांबलं, सवडीनं वाचा.

आम्ही पाच जण दोन वर्षांपासून दर रविवारी साताऱ्यात एकाच्या माळ्यावर जमतो आणि एक कल्पित मुलूख रचतो. नकाशे काढतो, बोली ठरवतो, सणवार लावतो, मग त्यात पात्रं घालून खेळतो. कृष्णा, कोयना, वेण्णा, उरमोडी, तारळी, वारणा, येरळा, माणगंगा अशी आपल्याकडची आठ खोरी धरली आणि त्यांच्या पलीकडं एक नववं ठेवलं. म्हणून मुलखाचं नावच नववं खोरं.

या खोऱ्यात देवळं नाहीत, अभयघरं आहेत. घरात मयत झाली, लग्न ठरलं, कुणी कायमचं गाव सोडून निघालं, की आधी अभयघरात राहून यायचं. तिथं माणसाचं एखादं इंद्रिय पालटतं. मंदावतं, तीव्र होतं, नाहीतर एकाचं काम दुसरं करू लागतं. शब्द अभयारण्यावरून सुचला. लहानपणी शाळेची सहल सागरेश्वरला गेली होती. उघड्याबोडक्या डोंगरावर माणसांनी झाडं लावली, हरणं आणून सोडली आणि १९८५ साली त्याचं अभयारण्य झालं, हे गुरुजींनी सांगितलं तेव्हापासून डोक्यात बसलंय की अभयाची जागा हातानं उभी करता येते.

माझी अट एकच आहे. मंत्र, मणी, चमत्कार नकोत. बांधणारे पाथरवट, गवंडी, सुतार, माळी आहेत. दगड, पाणी, वारा, उजेड आणि झाडपाला एवढ्यातच सगळं बसलं पाहिजे.

ही अट कुठून आली तेही सांगतो. लिंबच्या बारा मोटेच्या विहिरीत पहिल्यांदा उतरलो तो मे महिना होता. वर ऊन रणरणत होतं. जिन्यानं खाली गेलो, कमानीखालून आत वळलो, आणि गारवा आधी कातडीला कळला, डोळ्यांना पाणी नंतर दिसलं. बायकोनं वरून हाक मारली ती मला समोरच्या भिंतीतून आली. क्षणभर कुठं वळावं कळेना. विरूबाई भोसल्यांनी १६४१ ते १६४६ या काळात ही विहीर बांधली. अष्टकोनी, सुमारे ११० फूट खोल. बांधली बागायतीच्या पाण्यासाठी, पण साडेतीनशेहून जास्त वर्षांनी एका माणसाची दिशाच तिनं काढून घेतली. मग जाणूनबुजून तसं बांधलं तर काय होईल?

आत्तापर्यंत तीन अभयघरं झालीत. एक नादघर, डोंगरावरचा मोठा घुमट, कुजबुज केली तरी भिंतीनं फिरत राहते. दुसरा काळोखवाडा, तीन दिवस मिट्ट अंधारात राहायचं, कान आणि कातडी तल्लख होते. तिसरी गंधविहीर, प्रत्येक पायरीला वेगळा वास.

माझी अडचण अशी की कागदावर छान वाटतात, पण खेळायला बसलं की खोटी पडतात. पात्रं आत जातात, "वा" म्हणतात, बाहेर येतात. कुठं चुकतंय?

जवारी (मिरज)

उरमोडीदादा, कल्पना फार आवडली. नादघराबद्दल मी बोलू शकतो, आमच्या घरी तीन पिढ्या सतार-तंबोऱ्याचं काम आहे.

तुमचा घुमट म्हणजे विजापूरचा गोलघुमट. १६५६ चं बांधकाम. गॅलरीत भिंतीला तोंड लावून बोललं की आवाज गोलाईला चिकटून, छोट्या छोट्या टप्प्यांनी आपटत पलीकडच्या माणसाच्या कानात जातो. जरूर बघण्यासारखं आहे. पण तिथं कान पालटत नाही. कान आहे तोच, आवाजाची वाट फक्त लांबलेली. माणूस टाळी वाजवतो, हसतो, खाली उतरतो. तुमची पात्रं "वा" म्हणून बाहेर येतात ती त्यामुळंच.

कान पालटणं म्हणजे काय ते तंबोरा शिकवतो. तंबोऱ्याला चार तारा. पंचम, जोडीच्या दोन षड्जाच्या आणि खर्ज. गंधाराची तार नाहीच. पण जवारी, म्हणजे तारा जिथं टेकतात त्या घोडीची घासणी, नीट लागली असेल आणि खर्ज शांतपणे छेडला, तर त्यातून गंधार ऐकू येतो. कुणी वाजवलेला नाही, तरी येतो. त्याला स्वयंभू गंधार म्हणतात. एकाच तारेत मूळ कंपनाच्या दुप्पट, तिप्पट, चौपट, पाचपट कंपनं एकाच वेळी चालू असतात. पाचपट कंपन म्हणजेच गंधार. घोडीचा माथा किंचित उतरता घासलेला असतो, तार त्याला हलकेच शिवत राहते आणि हे वरचे स्वर फुलतात. तारेखाली सुताचा एक तंतू सरकवतात, त्याला आम्ही जीव म्हणतो. केसभर इकडंतिकडं झाला तर तार मुकी होते.

मला हे लहानपणी ऐकू येत नव्हतं. आजोबा घोडी घासत बसायचे, मध्येच थांबून विचारायचे, "आला?" मी खोटंच "आला" म्हणायचो. त्यांना कळायचं, पण रागवायचे नाहीत. मी नववीत असताना एका संध्याकाळी खरंच आला. त्यानंतर आजतागायत तो न ऐकता मला तंबोरा ऐकता आलेला नाही. पालटणं म्हणतात ते हे.

तेव्हा नादघर असं बांधा. वाऱ्याचं पठार घ्या, चाळकेवाडीसारखं, पवनचक्क्या आहेत तसल्या जागेचं. तिथं खोलीएवढा भोपळा करा. खरा कडू भोपळा तेवढा मोठा होणार नाही, पण तुमच्या खोऱ्यात होऊ द्या. वर तुणाच्या लाकडाची तबली, म्हणजे भोपळ्याचं झाकण, त्यावर चार जाड तारा, छेडणारा वारा. माणूस भोपळ्याच्या पोटात बसणार. अट एवढीच की गंधार येईपर्यंत बसायचं. कुणाला एक तास लागेल, कुणाला चार दिवस. राखणदार सकाळ-संध्याकाळ दार उघडून विचारेल, "आला?"

कासकरीण (सातारा)

जवारी, अंगावर काटा आला वाचताना.

मी वनस्पतीशास्त्र शिकवते, म्हणून झाडपाल्याची बाजू मांडते. उरमोडी, तुमच्याकडं जिभेचं घर नाहीच! मधुनाशिनी हा वेल आपल्या सह्याद्रीत सापडतो, गुडमार म्हणूनही ओळखतात. त्याचं पान चावून चावून जिभेवर फिरवायचं आणि मग साखर तोंडात टाकायची. साखरेची चव जाते, उरते ती नुसती वाळू. पेढा खाल्ला तर खव्याचा तुपकट गोळा. खारट, आंबट, कडू सगळं शाबूत, फक्त गोड गायब. पानातली द्रव्यं जिभेवरच्या गोड ओळखणाऱ्या ग्राहींना अडवून बसतात, अर्ध्या-पाऊण तासानं सुटतात. मी वर्गात हे करून दाखवते. दरवर्षी एखादं पोर घाबरं होतं आणि साखर पुन्हा गोड लागेपर्यंत माझ्या टेबलापासून हलत नाही.

आता खोऱ्यातली रीत बघा. लग्न ठरलेल्या दोघांना जिव्हाघरात नेतात, पान चघळायला देतात आणि मग एकमेकांच्या हातचा लाडू खायचा. गोड नसलेला लाडू. त्यात काय काय आहे ते नीट ओळखायचं.

दुसरं घर डोळ्यांचं, आणि त्याला अंधार लागत नाही. जुलैत कास पठारावर गेला असाल तर धुकं माहीत असेल. पुढं-मागं, खाली-वर एकच पांढरं. अशा एकसारख्या उजेडात डोळ्यांना पकडायला कड मिळत नाही, आणि काही वेळानं मेंदू स्वतःच चित्रं भरू लागतो. मानसशास्त्रात प्रयोगशाळेत हे पडदे आणि दिवे वापरून करतात. कासला ढग फुकट करतात. मी एकदा वाट चुकून वीसेक मिनिटं तशी उभी होते. मला पाण्याकाठी गुरं दिसली. तिथं काहीच नव्हतं.

पांढऱ्या घराचा मुहूर्त टोपली कारवीवर ठेवा. ती सात वर्षांनी एकदा फुलते. घर तेव्हाच उघडावं. बाकी वर्षं बंद.

उरमोडी

जवारी, कासकरीण, दोघांनाही मनापासून धन्यवाद. "आला?" हे आजच खेळात आलं. आमच्यातली एक मैत्रीण भोपळ्यात बसली आणि सलग पाच फेऱ्या "नाही" म्हणाली. माळ्यावर कुणी बोलेना. असं याआधी झालं नव्हतं.

काळोखवाड्याचंही सांगा ना कुणीतरी. मी वाचलंय की अंधाराला डोळे पूर्ण सरावायला वीस ते तीस मिनिटं लागतात, सांजवेळी तांबडा रंग आधी काळवंडतो आणि निळा जास्त उजळ वाटतो. आणि अंधुक चांदणी बघायची तर नजर तिच्या किंचित बाजूला ठेवावी लागते, कारण अंधारात काम करणाऱ्या पेशी डोळ्याच्या मधोमध नसतात. हे सगळं वाड्याच्या पहिल्या दालनात घातलंय. दुसऱ्या दालनापासून पूर्ण काळोख.

पांढरीकाठी (कऱ्हाड)

मी जन्मापासून पाहत नाही. फोन वाचून दाखवतो, मी ऐकतो, बोलून लिहितो.

काळोखवाड्याबद्दल माझी तक्रार आहे आणि ती तुमच्यावर रागावून नाही. तुम्ही लिहिलंय, तीन दिवस अंधारात राहिलं की कान आणि कातडी तल्लख होते. असं होत नाही. माझे कान तुमच्यापेक्षा जास्त ऐकत नाहीत. मी ऐकलेल्याचा जास्त उपयोग करतो, आणि तो करायला मला वर्षं लागली. जिभेनं टक् करून समोर भिंत आहे की उघडं दार, हे ओळखायला मी सहा वर्षांचा असताना शिकायला लागलो, अकराव्या वर्षी जमलं. मध्ये किती वेळा कपाळ फुटलं! गल्लीचं तोंड आलं की एका गालावर वारा लागतो आणि माझ्याच चपलांचा आवाज त्या बाजूला मोकळा होतो. हे तीन दिवसांत कुणाला मिळणार नाही. तीन दिवसांत फक्त भीती मिळते. तुमचं पात्र वाड्यातून बाहेर येतं आणि त्याला वाटतं, आंधळ्यांचं जग मला कळलं. त्याला आंधळेपणाचा पहिला आठवडा कळला. मी त्या आठवड्यात राहत नाही.

आणि एक विचारतो. तुमच्या खोऱ्यात माझ्यासारखा माणूस काळोखवाड्यात गेला तर त्याचं काय पालटणार?

माझा खरा काळोख कुठला ते सांगू? मागं एका ध्वनिमुद्रण स्टुडिओत गेलो होतो. भिंतींना, छताला जाड गाद्या. दार लागलं आणि खोली नाहीशी झाली. टक् केलं, काहीच परत आलं नाही. भिंत हातभर अंतरावर होती, मला माहीत होती, तरी नव्हती. त्याहून शांत खोल्या जगात आहेत, अमेरिकेत एका कंपनीच्या खोलीत २०१५ साली उणे २०.३५ डेसिबल मोजलं गेलं, तिथं माणसाला स्वतःचं हृदय ऐकू येतं म्हणतात. मी स्टुडिओत दोन मिनिटांत घामाघूम झालो. सोबत माझा भाचा होता. तो बोलत राहिला, म्हणून थांबू शकलो.

जवारी

पांढरीकाठी, हे वाचून गप्प झालो. माझ्या भोपळ्यातही तुम्हाला गंधार आमच्याआधी येईल असं मी मनात धरून चाललो होतो. तेही चूकच.

पांढरीकाठी

गाणं मला येत नाही हो. गंधार ओळखायला मलाही चार दिवस लागतील.

वारणाकाठ

मी इतिहासाच्या बाजूनं एक मुद्दा टाकतो. असली घरं जगात खरोखर बांधली गेली आहेत, आणि त्यांचा हिशेब साधा नाही.

पेरू देशात अँडीज पर्वतात चाविन दे वांतार नावाचं सुमारे तीन हजार वर्षांपूर्वीचं देवस्थान आहे. दगडी बांधकामाच्या पोटात अरुंद, वळणावळणाचे, अंधारे बोळ. खालून पाण्याचे पाट. २००१ साली तिथं फुंकून वाजवायचे २० शंख एकत्र सापडले. भान पालटणाऱ्या निवडुंगाचं चित्र तिथल्या दगडावर कोरलेलं आहे. आता कल्पना करा, यात्रेकरू दमून आलेला, काहीतरी प्यालेला, बोळात एकटा, आणि कुठून येतोय ते कळत नाही असा शंखनाद. अनेक अभ्यासकांचं मत आहे की पुजाऱ्यांनी आपली सत्ता याच्यावर उभी केली.

आपल्याकडं बिहारात बराबरच्या लेण्या बघा. इसवी सनापूर्वी तिसऱ्या शतकातल्या, अशोकाच्या काळात आजीविक पंथाच्या संन्याशांना दिलेल्या. ग्रॅनाइटला आतून आरशासारखी झिलई. आत उच्चारलेला शब्द इतका वेळ घुमतो की बोलणं बोलण्यासारखं राहत नाही, नुसता नाद उरतो. एकीकडं लोकांना दिपवायला बांधलेले बोळ, दुसरीकडं संन्याशांना पावसाळ्यात राहायला दिलेली गुहा. दगड दोन्हीकडं दगडच.

उरमोडी, म्हणून सांगतो, तुमच्या घरांचे मालक कोण हे आधी ठरवा. आत जाणाऱ्याला काय होणार हे आधी सांगतात का? मधेच दार उघडून मागता येतं का? इंद्रियं काढून घेऊन माणसं मोडण्याचे प्रकार तुरुंगांतही झाले आहेत. त्या कोठड्या आणि तुमची अभयघरं एकाच कौशल्यानं बांधली जातील. नावात अभय घालून भागणार नाही.

उरमोडी

दोन दिवस लिहिलं नाही कारण उत्तर नव्हतं.

पांढरीकाठी, तुमचा प्रश्न रविवारी सगळ्यांपुढं मोठ्यानं वाचला. कुणालाच उत्तर देता आलं नाही. काळोखवाडा आम्ही काढून टाकला. आमच्या खोऱ्यात न पाहणारी माणसं असणार, एवढी साधी गोष्ट दोन वर्षांत एकाच्याही मनात आली नाही याचं फार वाईट वाटलं. आता नियम केलाय: प्रत्येक घराबद्दल "याच्यात कुणाचं काहीच पालटणार नाही?" हे विचारायचं, आणि त्या माणसासाठी घरात काय आहे तेही लिहायचं.

वारणाकाठ, तुमच्या मुद्द्यावर अजून अडलोय. आधी सगळं सांगितलं तर पालटण्यात जोर राहील का? मधुनाशिनीचं पान चघळायच्या आधी कळलं की साखर वाळू लागणार, तर मग उरलं काय?

कासकरीण

जोर राहतो. माझ्या वर्गाला मी आधीच सगळं सांगते, फळ्यावर ग्राहीचं चित्रसुद्धा काढते. तरी साखर जिभेवर पडली की चेहरे बघण्यासारखे होतात. माहिती असणं आणि जिभेला कळणं यात फार अंतर आहे.

हळदकांडी (सांगली)

पहिल्यांदाच लिहितेय, चुकलं तर सांभाळून घ्या. गंधविहिरीवर कुणी बोललं नाही म्हणून.

आमचं हळदीचं अडतीचं काम. सासऱ्यांच्या वेळी माल हरिपूरच्या पेवांत असायचा. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी, पेव म्हणजे जमिनीत खणलेलं कोठार. तोंड अरुंद, पोट मोठं, रांजणासारखं. त्यात पोती नाही, हळद मोकळी भरायची आणि तोंड मातीनं बंद. तिथली मातीच अशी की हळद वर्षानुवर्षं किडत नव्हती, रंग उतरत नव्हता. २००५ च्या महापुरात पाणी शिरलं आणि बरीच पेवं गेली.

पेव उघडलं की लगेच कुणी उतरायचं नाही. आत हवा कोंडलेली असते, प्राणवायू नसतो, माणूस गुदमरून जागेवर पडतो. म्हणून तोंड उघडून ठेवायचं, वारा जाऊ द्यायचा, आणि मग दोरीनं पेटता कंदील खाली सोडायचा. विझला तर वर ओढायचा आणि आणखी थांबायचं. जळत राहिला तरच माणूस उतरणार, तेही कमरेला दोर बांधून, दोराचं टोक वरच्याच्या हातात. सासरे सांगायचे, दोर धरणारा माणूस घरचाच लागतो.

आता वासाचं. २०२१ साली मला कोरोना झाला आणि वास गेला. हळदीच्या सौद्यात उभी राहायचे आणि काही नाही. हळद मुठीत घेऊन नाकाशी धरायची, नुसती धूळ. दोन महिन्यांनी परत यायला लागला तो वाकडा. कांद्याची फोडणी दिली की सडल्याचा वास. चहा जळका. सहा महिने मी घरात स्वयंपाक केला तो आठवणीवर. मुलगा म्हणायचा, आई मीठ बरोबर आहे, आणि मला रडू यायचं.

डॉक्टरांनी चार वास दिले. गुलाब, लिंबू, लवंग, निलगिरी. रोज दोन वेळा प्रत्येकी थोडा वेळ हुंगायचं आणि हुंगताना तो वास आठवायचा. औषध तेवढंच. मी देवघरात चार वाट्या मांडल्या. सासूबाई रोज समोर बसायच्या. त्या वाटी पुढं करायच्या, नाव सांगायच्या नाहीत. पहिली परत आली लवंग. अकराव्या आठवड्यात. मी "लवंग" म्हटलं, त्यांनी वाटी खाली ठेवली आणि पदरानं तोंड झाकलं. हळद पुरी अजूनही आलेली नाही. येते, जाते.

उरमोडीदादा, पायरीपायरीला वास मांडलेली विहीर अत्तराच्या दुकानासारखी वाटली मला. तिसऱ्या-चौथ्या पायरीनंतर नाक थकतंच. गंधघर असं करा की तिथं वास हरवलेली माणसं येतात. चार वाट्या आणि समोर बसणारं एक माणूस. बाकी काही नको.

पांढरीकाठी

ताई, तुमच्या सासूबाईंना नमस्कार सांगा. माझ्या भाच्याची आठवण आली.

वारणाकाठ

मी विचारलेल्या प्रश्नांची उत्तरं पेवात होती म्हणायची.

उरमोडी

हळदकांडीताई, चुकायचं काय त्यात. आम्ही रविवारी सगळं पुन्हा बांधायला घेतलं. झालेलं देतो.

गंधविहीर गेली. गंधघर आता गावाच्या मधोमध, साधी पडवी, चार वाट्या. राखणदार नेमलेला नाही, ज्याचा वास परत आला त्यानं पुढच्याच्या समोर बसायचं.

काळोखवाड्याच्या जागी निःशब्द घर. जमिनीखाली पेवासारखं, तोंड अरुंद, पोट मोठं. भिंतींना लोकर आणि भुसा, आवाज परत येत नाही. जे पाहत नाहीत त्यांना इथं खोली नाहीशी होते, जे ऐकत नाहीत त्यांना इथं काहीच होत नाही, आणि म्हणून या घराचे राखणदार न ऐकणारेच आहेत. घाबरलेल्याला बाहेर कसं आणायचं ते त्यांच्याइतकं शांतपणे कुणी करत नाही. हे आमच्या मैत्रिणीनं सुचवलं.

आणि सगळ्या अभयघरांना एक रीत लावली. काल खेळताना पहिल्यांदा वापरली, तशीच लिहितो.

बापाच्या तेराव्यानंतर एक मुलगी निःशब्द घराशी येते. राखणदारीण तिला आधी तोंडाशी बसवते, आत काय होईल ते बोटांनी, खुणांनी सगळं सांगते. मग कंदील पेटवते आणि दोरीनं खाली सोडते. दोघी वाकून बघतात. ज्योत लहान होते, थरथरते, सरळ उभी राहते. राखणदारीण मुलीच्या कमरेला दोर बांधते आणि विचारते, दुसरं टोक कुणाच्या हातात द्यायचं? मुलगी मागं वळून बघते. आई तिच्याशी महिनाभर बोललेली नाही, लांब चिंचेखाली उभी आहे.

इथं आम्ही थांबलो. आईचं पात्र माझ्याकडं आहे. पुढचा रविवार मोकळा ठेवलाय.